चौदाव्या प्रकरणात अडकलेला पावाचा वास

पत्राचा गोषवारा (ओळख पटेल असे तपशील वगळून) : पत्रलेखिका पश्चिम महाराष्ट्रातल्या एका तालुक्याच्या गावी शिक्षिका आहेत आणि गेली काही वर्षं एक अद्भुत कादंबरी लिहिताहेत. मिठागरांच्या काठावरचं खारकोट नावाचं तटबंदीचं शहर, तिथलं दोन पेठांचं पिढीजात वैर आणि रेवा नावाची भट्टीवाली. रेवाच्या पावाचा वास नाकात गेला की माणसाला समोरचा वैरी आपल्याच घरचा वाटू लागतो. कोतवालाला हे कळतं आणि दंगल उसळायची चिन्हं दिसली की तो रेवाला भट्टी पेटवायला सांगतो. तेरा प्रकरणं झाली, चौदाव्यात गाडं रुतलं. कुठलाही पेच आला की वास सुटतो आणि पेचही सुटतो. लेखनमंडळात वाचन केलं तेव्हा तीन सूचना आल्या : मराठी कादंबरीत पाव कशाला, भाकरी करा, वास शब्दांत येत नाही, त्याऐवजी प्रकाश किंवा संगीत घ्या, नाहीतर वासाला काही शास्त्रीय कारण द्या, पिठातली बुरशी वगैरे. धाकट्या बहिणीनं मात्र वेगळंच सांगितलं : ‘मला रेवाची भीती वाटते.’ हे लेखिकेला लागलं, कारण रेवा त्यांच्या मते कादंबरीतली सगळ्यात चांगली बाई आहे. त्या विचारतात : पाव ठेवू की काढू? जादूला कारण देऊ का? की हे सगळं सोडून साधी सामाजिक कादंबरी लिहू?

सप्रेम नमस्कार.

तुमच्या पत्रातलं सगळ्यात मोलाचं वाक्य तुमच्या बहिणीचं आहे. ते तुम्हाला लागलं हे मी समजू शकते. पण मंडळातल्या तिन्ही सूचना एका पारड्यात टाकल्या तरी ते वाक्य जड भरेल, कारण बाकीचे पावाकडे बघत होते आणि ती रेवाकडे बघत होती. तिच्या भीतीकडे मी येणारच आहे. आधी चौदाव्या प्रकरणात रुतलेलं गाडं हलवू.

तुमच्या खारकोटमधला वास फार आज्ञाधारक आहे. रेवानं भट्टी पेटवायची, वास तटापर्यंत पसरायचा, दोन्ही पेठांतल्या प्रत्येकाच्या नाकात सारखाच शिरायचा आणि प्रत्येकाला सारखंच दिसायचं. हे तुम्ही गृहीत धरलंय आणि त्याला कुठंच हटकलेलं नाही. वास सुटला की भांडण मिटतं हे वाचकाला एकदा कळलं, की पुढे त्याला धाकधूक कसली राहणार? तुम्ही जादू बदलायच्या विचारात आहात. मी म्हणेन, जादू तीच राहू द्या, फक्त वासाला वासासारखं वागू द्या.

आणि वास फार लहरी असतो. २००१ साली रेचल हर्झ आणि ज्युलिया फॉन क्लेफ या दोन संशोधकांनी एक साधा प्रयोग केला. दोन आम्लांचं एकच मिश्रण लोकांना हुंगायला दिलं. एकदा सांगितलं, हे परमेझान चीज आहे. दुसऱ्यांदा सांगितलं, ही ओकारी आहे. बाटलीतला पदार्थ तोच, हुंगणारं नाकही तेच, पण नाव बदलल्याबरोबर आवडता वास किळसवाणा झाला. म्हणजे वास जितका बाहेरून येतो तितकाच तो हुंगणाऱ्याच्या आतून येतो. याला शरीराचंही कारण आहे. दिसलेलं, ऐकलेलं, स्पर्शानं कळलेलं आधी मेंदूतल्या थॅलॅमस नावाच्या ठाण्यावर जातं आणि मग पुढे. वासाची वाट त्या ठाण्यावरून जात नाही. नाकाच्या छतापाशी जे संवेदक असतात, त्यांचे माणसात साधारण चारशे प्रकार आहेत. तिथून निघालेला संदेश फार थोड्या टप्प्यांत भावनांशी आणि आठवणींशी जोडलेल्या भागांपर्यंत पोचतो. हे संवेदक तयार करणारी जनुकं लिंडा बक आणि रिचर्ड अ‍ॅक्सल यांनी १९९१ मध्ये शोधून काढली आणि त्यासाठी २००४ चं नोबेल मिळवलं. तुम्हाला कादंबरीत यातलं अक्षरही लिहायचं नाही. पण लिहिणाऱ्या बाईला हे ठाऊक असलं की तिच्या हातून वेगळे प्रसंग लिहिले जातात.

उदाहरणार्थ, रेवाचा वास नव्यानं काहीच दाखवत नाही, हुंगणाऱ्याच्या आत जे आधीच आहे तेवढंच वर काढतो, असा नियम करून बघा. मग वरच्या पेठेतल्या म्हाताऱ्या सराफाला खालच्या पेठेतला हमाल धाकट्या भावासारखा दिसेल, कारण त्याला धाकटा भाऊ होता आणि त्याच्यावर त्याचा जीव होता. पण त्याच गल्लीत एखादी बाई असेल, जिच्या भावानंच तिला लुबाडलं. तिलाही तो हमाल ‘आपल्या घरचा’ दिसेल. आणि म्हणूनच ती चाकू उचलेल. एकच भट्टी, एकच पहाट, आणि दोन टोकांचे परिणाम. ‘आपल्या माणसासारखा दिसणं’ म्हणजे मायाच असं तुम्ही धरून चालला आहात. घरचं माणूस म्हटल्यावर प्रत्येकाच्या मनात माया येत नाही, हे वर्गात रोज चाळीस-पन्नास मुलांचे चेहरे वाचणाऱ्या शिक्षिकेला मी काय सांगावं!

दुसरा नियम तर तुम्हाला निसर्गानं आयता दिलेला आहे. नाक थकतं. कुठलाही वास सतत येत राहिला की काही मिनिटांत तो जाणवेनासा होतो. बेकरीत शिरल्या शिरल्या आपल्याला भरून येतं, आणि आत कणीक मळणाऱ्या माणसाला विचारलं तर त्याला वेगळं काहीच जाणवत नसतं. याचा अर्थ लक्षात घ्या : रेवाला स्वतःच्या पावाचा वास येत नाही. साऱ्या खारकोटला जे दिसतं ते तिला कधीच दिसलेलं नाही. ती ज्या बळावर शहरात शांतता राखते ते बळ नेमकं काय आहे, हे तिला फक्त दुसऱ्यांच्या तोंडून ठाऊक आहे. तुमच्या तेरा प्रकरणांच्या सारांशात हे कुठंच आलेलं नाही, आणि मला वाटतं तुमची कादंबरी इथून सुरू होते. भट्टीला लागून असलेल्या घरांतल्या लोकांचंही तेच. रेवाचे सख्खे शेजारी जादूपासून मोकळे, आणि दोन गल्ल्या पलीकडचे तिच्या अमलाखाली! कोतवालाला हे कळलं तर तो शेजाऱ्यांना हलवेल. शेजाऱ्यांना कळलं तर ते घरं विकणार नाहीत.

सर्दीही विसरू नका. पाऊसकाळात अर्धं शहर नाक चोंदून बसलेलं असतं. पिकल्या वयात कित्येकांचं घ्राण मंदावतं. काहीजण जन्मतःच वासाला पारखे असतात. आणि करोनाच्या साथीनंतर आपण सगळ्यांनीच आणखी एक गोष्ट पाहिली : बरे झालेल्या कितीतरी जणांना कॉफी, कांदा, लसूण या रोजच्या वस्तूंचे वास कुजकट, जळकट येऊ लागले. याला पॅरॉस्मिया म्हणतात आणि तो काहींना महिनोन्‌महिने पुरला. आवडीचा घास समोर असून तोंडात घेववत नाही, आणि घरच्यांना ते पटत नाही. ही पिडा ज्यांनी भोगली त्यांना खारकोटची गोष्ट आपली वाटेल. एक साथ येऊन गेल्यावर रेवाचाच वास काहींना वैऱ्याची भीती दाखवू लागला तर?

आता पावाकडे येऊ. पावाच्या वासालाही आयुष्य असतं आणि तेही तुमच्या कामाचं आहे. भट्टीत आतला गर ओला असतो, तो शंभर अंशांच्या पुढे तापत नाही. वरचं कवच मात्र सुकतं, मग तापत जातं, आणि साधारण एकशे चाळीस अंशांच्या पुढे तांबूस व्हायला लागतं. या तांबूस होण्याची रसायनं फ्रान्सच्या लुई कामीय मेयार यांनी १९१२ मध्ये पहिल्यांदा मांडली. खरपूस वास जन्मतो तो या पातळ कवचात. आणि त्यातले मुख्य सुगंधी रेणू पाव निवताना काही तासांत उडून जातात. शिळा पाव पुन्हा शेकला तर वास थोडा परत येतो, पण पहिल्यासारखा नाही. म्हणजे जादूला मुदत आहे, अंतराची मर्यादा आहे, वाऱ्याची दिशा आहे. गोव्यात पोदेर, म्हणजे पाववाला, सायकलवर टोपली बांधून निघतो तेव्हा पों-पों भोंगा वाजवतो. भट्टीपासून दूरच्या वाड्यावर पाव आल्याची वर्दी वास देऊ शकत नाही, ती भोंग्यालाच द्यावी लागते. खारकोटच्या तटापर्यंत वास न्यायचा तर रेवाला किती भट्ट्या लागतील? लाकूड कुठून येईल? मिठागरांवरून खारा वारा उलटा सुटला तर त्या रात्री काय होईल? चौदाव्या प्रकरणात तुम्हाला हवा असलेला पेच या प्रश्नांत आहे.

एक गोष्ट मला इथं सांगितल्यावाचून राहवत नाही. पावाच्या कवचातल्या त्या सुगंधी रेणूंपैकी एकाचं नाव टू-असिटिल-वन-पायरोलिन. अगदी नखाएवढ्या प्रमाणातही नाकाला कळणारा. हाच रेणू बासमतीत आहे, आपल्या आंबेमोहोरात आहे. आणि कोलकात्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेतले रतनलाल ब्रह्मचारी व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९० मध्ये दाखवून दिलं, की वाघ झाडाझुडपांवर फवारा मारून आपली हद्द आखतो त्या द्रवातही तो आहे. माणसाला ज्या वासानं ‘घर, ताट, या बसा’ असं वाटतं, तोच रेणू रानात ‘ही माझी जागा, पुढे येऊ नको’ म्हणण्याच्या कामी येतो. अद्भुत लिहिणाऱ्याला याहून मोठी देणगी कोण देणार? खारकोटच्या तटाबाहेर रान असेल तर रेवाच्या भट्टीचा वास रानातल्या जनावरांना काय सांगत असेल, याचा विचार करा. शहर मायेनं भरत चाललंय असं आतल्यांना वाटतंय आणि बाहेरच्या रानाला वाटतंय की इथं कुणीतरी रोज पहाटे नवी हद्द आखतंय.

बुरशीची सूचना मी घेणार नाही. ती मांडणाऱ्यांच्या डोक्यात बहुधा अरगट असावी. राय नावाच्या धान्यावर वाढणारी ही बुरशी पिठात आली की मध्ययुगीन युरोपात हातपाय सडायचे, झटके यायचे, नाही नाही ते दिसायचं. त्याला ते ‘सेंट अँथनीची आग’ म्हणत. अल्बर्ट हॉफमन यांनी १९३८ मध्ये एलएसडी बनवलं ते याच बुरशीतल्या द्रव्यांवर काम करताना, आणि त्याचा भ्रम निर्माण करणारा गुण १९४३ मध्ये त्यांच्या ध्यानात आला. फ्रान्समधल्या पाँ-सँ-एस्प्री या गावात १९५१ च्या ऑगस्टमध्ये पाव खाऊन दोनशेहून जास्त लोक आजारी पडले, कित्येकांना भास होऊ लागले, काही दगावले. कारण अरगट की आणखी काही, याचा वाद अजून मिटलेला नाही. आपल्याकडे बाजरीवरही अरगट येतो. त्यानं भास होत नाहीत, पण मळमळ, उलट्या, गुंगी येते. म्हणून पेरणीआधी बियाणं वीस टक्के मिठाच्या पाण्यात बुडवून वर तरंगणारे दाणे काढून टाकायला शेतकऱ्यांना सांगतात.

हे सगळं खरं आहे, वाचायला रंजकही आहे, आणि तुमच्या कादंबरीत आणलंत तर ती मोडेल. बुरशी पोटातून बाधते, वासातून नाही. तिला आणलं की रेवा विष कालवणारी ठरते, खारकोटचे लोक रोगी ठरतात, आणि शेवटी एखादा वैद्य येऊन पीठ पाखडायला सांगतो. वाचकाला ‘हे का घडतं’ याचं उत्तर दिलंच पाहिजे, असं तुमच्या मंडळाला वाटतंय. अद्भुत कथेत वाचक तेवढं मागत नाही. तो एवढंच बघतो की जे नियम तुम्ही घातले ते तुम्ही स्वतः पाळता की नाही. अरगटातून एकच गोष्ट उचला, आणि तीही मिठाच्या पाण्याची. खारकोटची माणसं मिठागरांवर जगतात. पिठाबद्दल शंका आली की ती काय करतील हे तुम्हाला इथं आयतं मिळतंय.

‘पाव कशाला, भाकरी करा’ ही सूचना आपुलकीतून आली आहे, म्हणून तिला नीट उत्तर देते. भाकरी काही कमी अद्भुत नाही. तव्यावरून काढून निखाऱ्यावर उभी धरलेली भाकरी टम्म फुगते तेव्हाच्या वासाला तोड नाही. पण भाकरी ज्याच्या त्याच्या चुलीवर होते. तिचा वास घरापुरता, फार तर ओटीपर्यंत. भट्टी सगळ्या गल्लीची असते. कोण झोपलंय, कोण उपाशी आहे, कुणाशी कुणाचं बोलणं बंद आहे, हे न विचारता तिचा वास सगळ्यांकडे जातो. तुमची गोष्ट दोन पेठांची आहे, तिला हा सामायिक वासच हवा. भाकरीही आणा, पण तिच्या जागी. एखाद्या घरात एक म्हातारी रोज पहाटे, भट्टीच्या वेळेलाच, तवा तापवते. त्या घरात भट्टीचा वास शिरायला जागा राहत नाही. त्या घरातली माणसं खारकोटकडे कशी बघत असतील?

राहिला ‘मराठीत पाव’चा प्रश्न. पाव आपल्याकडे परका असता तर मी एकवेळ मानलं असतं. पण पावानं माणसाची नजर बदलते, ही गोष्ट आपल्या किनाऱ्यावर कादंबरीच्या आधीपासून आहे. पोर्तुगीज १५१० मध्ये गोव्यात आले, १५३४ मध्ये वसई त्यांच्याकडे गेली आणि १७३९ पर्यंत राहिली. त्या काळाबद्दल वसईपासून गोव्यापर्यंत अजून सांगतात की विहिरीत पावाचा तुकडा टाकला, गावानं नकळत ते पाणी प्यालं आणि गाव बाटलं. हे किती ठिकाणी असंच्या असं घडलं, ते इतिहासकारांनी तपासावं. आपल्यासाठी गोष्टीचा मधला सांधा महत्त्वाचा आहे. ते पाणी पिणाऱ्यांच्या जिभेला वेगळं काही लागलं नाही. त्यांचं घर, शेत, बोली, देव्हारा सगळं जागच्या जागी होतं. बदलली ती त्यांच्याकडे बघणाऱ्या शेजारच्या गावाची नजर. कालपर्यंत सोयरे असलेले आज परके दिसू लागले, एका तुकड्यापायी. पुढे पुष्कळ वर्षं सोवळ्या घरांत पावाला मज्जाव होता, पीठ पायांनी तुडवतात अशी वदंता होती. रेवाच्या पावानं वैरी आपला दिसतो. या जुन्या गोष्टीत पावानं आपला माणूस वैरी दिसला. ही एकाच जादूची दोन टोकं आहेत आणि ती मराठी वाचकाच्या मनात आधीच बसलेली आहेत. पाव काढलात तर हे सगळं हातचं जाईल. त्यात चीजच्या प्रयोगातली गोष्ट मिळवा : खालच्या पेठेत कुणीतरी नुसती अफवा उठवतं की रेवा पिठात स्मशानातली राख मिसळते. पाव तोच, पण दुसऱ्या दिवशी अर्ध्या शहराला त्याचा दर्प सोसवत नाही.

आता तुमची बहीण.

डोळे मिटता येतात, कानांत बोटं घालता येतात, घास नाकारता येतो. नाक मात्र बंद ठेवता येत नाही, श्वास घ्यावाच लागतो. रेवा ज्या वाटेनं माणसाच्या आत शिरते त्या वाटेला दार नाही. तुमच्या बहिणीला भीती वाटली ती याची. रेवाचा हेतू चांगला आहे, तिच्यामुळे दंगली टळतात, हे सगळं मान्य. तरीही खारकोटमधल्या कुणालाच ‘मला हा वास नको’ असं म्हणायची सोय नाही. ज्याच्या बापाला वरच्या पेठेनं मारलं, त्याला आपला राग आपल्याजवळ ठेवायचाही हक्क उरलेला नाही. तो सकाळी उठतो, वास येतो, आणि बापाचा मारेकरी त्याला मामासारखा दिसतो. दुपारी वास उतरतो. मग त्याला काय वाटत असेल? माझी खात्री आहे की तुम्ही हा माणूस लिहिलेला नाही. तो लिहा. रेवाच्या समोर उभा करा. तो तिला शिव्या देणार नाही, हात जोडून म्हणेल, ‘बाई, माझ्या बापाचं दुःख तेवढं माझ्याकडे राहू द्या.’ यावर रेवा काय उत्तर देते ते मला आत्ता माहीत नाही, तुम्हालाही नसेल. ते शोधायलाच तर कादंबरी लिहायची.

यावर तुम्ही म्हणाल, मग रेवा वाईट ठरते का? मला तसं वाटत नाही. चांगलं माणूस आणि धोकादायक माणूस यांत निवड करायला लागते, असं तुम्ही उगीच धरून बसला आहात. ती चांगली आहे म्हणून थांबत नाही, आणि थांबत नाही म्हणून भीती वाटते. बहिणीचं वाक्य ही रेवाबद्दलची तक्रार नाही, ती जिवंत झाल्याची खूण आहे. कोतवाल मात्र तुम्ही पत्रात लिहिलाय तसा निव्वळ दुष्ट नसावा. त्यालाही दंगलीत माणसं मरायला नको आहेत.

चांगला वास माणसाला चांगलं करतो का, हा प्रश्न अगदी हवेतला नाही. रॉबर्ट बॅरन या अमेरिकी मानसशास्त्रज्ञानं १९९७ मध्ये एका मॉलमध्ये पाहणी केली. भाजल्या जाणाऱ्या कुकीज, कॉफी अशा वासांजवळून जाणारी माणसं अनोळखी माणसाचं पडलेलं पेन उचलून द्यायला, नोटेचे सुटे द्यायला जास्त तयार असत. पेन आणि सुटे! रेवाचं सामर्थ्य सुरुवातीला एवढंच ठेवा. पहिल्या प्रकरणांत तिच्या गल्लीत लोक एकमेकांना वाट देतात, उधारीचा तगादा एक दिवस पुढे ढकलतात. कोतवाल या छोट्याशा चांगुलपणाला ताणत ताणत शहराएवढं करतो आणि ताणताना ते कुठं फाटतं, हे वाचकाला दिसू द्या.

वास शब्दांत येत नाही म्हणणाऱ्यांशी मी अर्धी सहमत आहे. ‘मोहक सुगंध दरवळला’ असं लिहिलं की खरंच काही येत नाही. पण आंबूस, धुरकट, खरपूस, करपट, ओशट, कुबट, खवट, उग्र हे शब्द आपल्या बोलण्यात रोज असतात आणि प्रत्येकाची जागा ठरलेली असते. भट्टीच्या रात्रीला घड्याळ असतं. मध्यरात्रीनंतर फुगलेल्या कणकेचा आंबूस वास. मग ओल्या लाकडाचा डोळ्यांत जाणारा धूर. निखारे बाजूला सारून भट्टी झाडली की तापल्या विटांचा कोरडा वास. पहिला घाणा आत गेल्यावर थोडा वेळ काहीच नाही. आणि मग खरपूस. रेवाची जादू या शेवटच्या टप्प्यावर सुटते असं ठरवलंत, तर वाचक आधीच्या प्रत्येक वासाला श्वास रोखून बसेल. तुम्हाला वेगळं ‘वर्णन’ करायची गरज पडणार नाही.

नजर बदलली हेही असं सांगू नका. ‘त्याला तो आपला वाटू लागला’ या वाक्यानं पान मरतं. पहारेकऱ्यानं भाला रोखलेला आहे, समोर खालच्या पेठेतला माणूस. वास येतो. पहारेकऱ्याचं लक्ष त्याच्या चपलेकडे जातं. अंगठा तुटलेला, सुतळीनं बांधलेला, गाठ आतल्या बाजूला, बोटाला टोचू नये म्हणून. अशी गाठ त्याचा बाप मारायचा. बस, इथं थांबा. भाला खाली आला की नाही ते पुढच्या परिच्छेदात कळलं तरी चालेल.

तुमच्यासारखं काल्पनिक जग उभं करणाऱ्या इतरांचीही पत्रं येतात, कुणाची जादू पाण्यात, कुणाची धाग्यात असते. त्यांनाही मी हेच सांगते की ज्या वस्तूत जादू ठेवताय ती वस्तू बनवणाऱ्यांकडे एकदा जाऊन बसा. तुमच्या तालुक्याला बेकरी असणारच. पहाटे जा, मालकाला सांगून कोपऱ्यात उभ्या राहा, वही ठेवा. वास कधी आला, कधी जाणवेनासा झाला, बाहेर जाऊन परत आल्यावर पुन्हा आला का, एवढंच टिपा. कामगारांना विचारा की त्यांना घरी गेल्यावर कपड्यांचा वास येतो का, की बायकामुलांनाच येतो. एक ताजा पाव घेऊन शिक्षकखोलीत ठेवा आणि प्रत्येकाला त्या वासानं काय आठवलं ते एकेकट्यानं विचारा, सगळ्यांसमोर नको, नाहीतर पहिल्याचं उत्तर सगळे गिरवतील. खारकोटच्या रहिवाशांना काय काय दिसू शकतं याची यादी तुम्हाला त्यातून मिळेल.

सामाजिक कादंबरी लिहायची इच्छा असेल तर ती जरूर लिहा, पण ही सोडण्यासाठी नको. दंगल, पेठा, सत्ता, शेजार, परवानगी न घेता केलेलं भलं, हे सगळं या कादंबरीत आहेच.

कामाचा क्रम सांगते. चौदावं प्रकरण तूर्त बाजूला ठेवा. लिहून झालेली तेरा प्रकरणं फाडू नका, फक्त त्यांत शोधा की रेवाला स्वतःच्या पावाचा वास आल्याचं तुम्ही कुठं कुठं लिहिलंय, आणि त्या सगळ्या ओळी काढा. मग कोतवालानं पहिल्यांदा भट्टी पेटवायला लावली त्या रात्रीत नाक चोंदलेला एक पहारेकरी घाला आणि त्याला सगळ्या गर्दीत एकटंच शुद्धीवर ठेवा. बापाचं दुःख मागणारा माणूस त्यानंतर लिहा. हे दोन प्रसंग झाले की मंडळात न्यायच्या आधी बहिणीला वाचायला द्या, आणि तिला रेवाची भीती अजून वाटते का, हे विचारण्याऐवजी आता कशाची वाटते ते विचारा.